प्रेम 528 हर्ट्झ, राग 150 हर्ट्झ: हा मेसेज पेशंटला पाठवू नका

गेल्या आठवड्यात आमच्या फॅमिली ग्रुपवर एक मेसेज आला, तुमच्याकडेही फिरत असेल. गुरुत्वाकर्षणासारखं भावना हे सुद्धा एक बल आहे, प्रत्येक भावनेची फ्रिक्वेन्सी ठरलेली असते, भीती 100 हर्ट्झ, राग 150, प्रेम 528, आणि जो माणूस 200 च्या खाली राहतो त्याच्या पेशी बिघडतात, कॅन्सर त्यातूनच होतो. खाली पाण्याच्या स्फटिकांचे फोटो आणि 'विज्ञानाने सिद्ध'.

एरवी मी वाचून सोडून दिलं असतं. पण माझ्या मावशीचं गालाच्या कॅन्सरचं ऑपरेशन झालंय, आता रेडिएशन चालू आहे, आणि तिने रात्री साडेदहाला फोन करून मला विचारलं, "तुझे काका गेले तेव्हा मी वर्षभर रडत होते गं, त्यानेच झालं का हे?"

म्हणून आधी कॅन्सरचंच बोलते. 2007 मध्ये अमेरिकेत जेम्स कॉइन आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा एक अभ्यास 'कॅन्सर' या जर्नलमध्ये आला, आणि तो नेमका डोकं-मानेच्या कॅन्सरवरच आहे, म्हणजे मावशीचा आजार ज्यात मोडतो तोच. 1,093 पेशंट. मन कसं आहे, उदास वाटतं का, भीती वाटते का हे सुरुवातीलाच विचारून ठेवलं आणि मग पुढे काय होतं ते बघितलं. त्यातले 646 जण अभ्यासाच्या काळात गेले. मनाने खंबीर असलेले जास्त जगले का? नाही. खचलेले लवकर गेले का? तेही नाही. भावनांचा आणि जगण्या-मरण्याचा काहीच संबंध सापडला नाही. भावना जर खरंच पेशी बिघडवणारं बल असतं तर हजारावर माणसांत ते कुठेतरी दिसायला नको?

आणि मावशीला कशाने झालं असेल याचा अंदाज आम्हा सगळ्यांना आहे. लहानपणापासून मशेरी लावायची ती, आजी लावायची, शेजारपाजारच्या सगळ्या बायका लावायच्या, तंबाखू भाजून केलेली पूड आहे ती हे कुणी कधी समजावलंच नाही. तोंडाच्या कॅन्सरचं मोठं कारण तंबाखू आहे. त्यावर या मेसेजमध्ये एक शब्द नाही! उलट नवरा गेल्यावर रडलेल्या बाईला सांगतायत की तुझ्या रडण्याने झालं. याचा मला प्रचंड राग आहे.

आता ते हर्ट्झ. बल न्यूटनमध्ये मोजतात, हर्ट्झमध्ये नाही. हर्ट्झ म्हणजे एखादी गोष्ट सेकंदाला किती वेळा होते, बस. आपल्या घरातली वीज 50 हर्ट्झची आहे, मग या हिशोबाने पंख्याखाली बसणारा प्रत्येक माणूस आजारी पडायला हवा. आकडे कुठून आले तेही शोधलं. डेव्हिड हॉकिन्स नावाच्या अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञाने 1995 च्या पुस्तकात भावनांची पट्टी मांडली, भीती 100, राग 150, प्रेम 500. मोजलं कसं, तर माणसाला हात आडवा धरायला लावायचा, वरून दाबायचा आणि तो टिकतो की खाली जातो ते बघायचं. कुठलं यंत्र नाही, कुठली लहर नाही, आणि ते आकडे हर्ट्झमध्ये नव्हतेच, ते नंतर कुणीतरी चिकटवलं. 528 तर 'हीलिंग म्युझिक'वाल्यांचा आकडा, तो प्रेमाच्या रकान्यात आणून बसवला.

पाण्याचे फोटो जपानच्या मासारू इमोटो यांचे, पाण्याशी प्रेमाने बोललं की त्याचे स्फटिक सुंदर होतात असं त्यांचं म्हणणं होतं. पण एकाच पाण्यातून वेगवेगळे स्फटिक होतात, सुंदरही आणि वेडेवाकडेही, त्यातला कुठला दाखवायचा ते माणूस निवडतो. यापलीकडे त्यात काही नाही.

मेसेजमध्ये हृदयाच्या चुंबकीय क्षेत्राचाही दाखला होता. असं क्षेत्र असतं हे मात्र खरं आहे, मान्य करते. पण ते पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राच्या साधारण दहा लाखावा भाग आहे, मोजायला खास संवेदनशील यंत्रं लागतात. त्याने शेजारी बसलेल्याचं काही होत नाही. आणि हो, भावनांचा शरीरावर परिणाम होतो. घाबरलं की ॲड्रिनलिन वाढतं, बीपी वाढतं, मोठ्या धक्क्याने काही जणांचं हृदय तात्पुरतं कमजोर पडतं, त्याला ताकोत्सुबो म्हणतात, जपानी डॉक्टरांनी 1990 च्या सुमारास त्याचं वर्णन केलं. पण हे सगळं नसा आणि हार्मोन्समधून होतं, हवेतून जाणाऱ्या बलाने नाही.

मावशीला मी दुसऱ्या दिवशी घरी जाऊन हे सगळं सांगितलं. ती ऐकून घेत होती, मग म्हणाली, "म्हणजे मी रडले तरी चालेल ना?" म्हटलं चालेल. रेडिएशनने तोंड सोललंय तिचं, पेजसुद्धा गिळवत नाही, रडू येणारच. मग रडली बराच वेळ, मी बसून होते.

मेसेज पाठवणाऱ्या नातेवाइकांना फोन करून डिलीट करायला सांगितलंय. ते म्हणाले, चांगल्या हेतूने पाठवला होता. अजून केलेला नाही.