‘अचानक आलेली लाट’ म्हणू नका

सकाळपासून जीव थाऱ्यावर नाही, म्हणून आता रात्री बसून लिहितेय. लिहिणं लांबणार आहे. ज्यांना वेळ नाही त्यांनी एवढंच वाचा: या तीन-चार दिवसांत आमच्याकडे, मालवणजवळच्या देवबागला, येणार असाल तर जरूर या, पण पाण्याच्या कडेला जाऊ नका.

झालं असं. आज आषाढातली अवस. अकरा वाजत आले होते, म्हणजे भरती पुरी व्हायला पंधरा-वीस मिनिटं. आमच्याकडे उतरलेलं एक कुटुंब पुळणीवर, म्हणजे किनाऱ्याच्या वाळूवर, गेलं. काल रात्री वाढताना मी त्यांना सांगितलं होतं, सकाळी चहा देताना परत सांगितलं होतं की आज उधाण आहे, पडवीतून बघा, खाली उतरू नका. ‘हो ताई, लांबूनच बघतो.’ मी आंबोळ्या घालत होते. खिडकीतून बघते तर सहा-सात वर्षांचा मुलगा ओल्या वाळूवर समुद्राकडे पाठ करून उभा, आणि बाप मोबाईल धरून सांगतोय, ‘अजून मागे, अजून थोडा मागे.’

तव्यावरची आंबोळी तशीच सोडून धावले. लाट काही मोठी नव्हती, पोराच्या गुडघ्यापर्यंत. त्याच्या एका पायातली चप्पल पाण्याबरोबर गेली आणि तो तिच्यामागे दोन पावलं गेला. दोनच. पण पावसाळ्यात आमची पुळण खरवडून निघते, पाण्याच्या कडेला उभा उतार तयार होतो. तिसरं पाऊल टाकायला तिथे वाळूच नसते. शर्टाची मागची कॉलर हाताला लागली म्हणून पोरगं हातात आलं.

आणि बाप मला काय म्हणाला? ‘ताई, ओरडताय कशाला, एवढंसं तर पाणी होतं. अचानक आली लाट.’

अचानक? अहो, दर बारा-साडेबारा तासांनी येते भरती. जगात इतकी वेळ पाळणारी दुसरी कुठली गोष्ट आहे? तिथीची पाऊणपट करा, भरतीची वेळ मिळते. अष्टमीला आठाचे सहा, म्हणजे सहा वाजता. अवसेला आणि पुनवेला पंधराची पाऊणपट, सव्वाअकरा. दहा-वीस मिनिटं इकडेतिकडे. हा हिशेब आमच्याकडे शाळेत न गेलेल्या म्हाताऱ्यालाही येतो. अवस-पुनवेला पाणी खूप वर चढतं आणि त्यानंतरचे एक-दोन दिवस त्याहूनही जास्त. त्यात वरून पावसाळी वारा. हैदराबादची इन्कॉइस ही संस्था उंच लाटांचा इशारा आधी देते, तो टीव्हीवर येतो, व्हॉट्सॲपवर फिरतो. एवढं सगळं असताना दुसऱ्या दिवशी पेपरात छापून येतं, ‘अचानक आलेल्या लाटेने ओढून नेले’. जणू लाट दबा धरून बसली होती. माझं डोकं फिरतं ते वाक्य वाचलं की.

माझं माहेर मालवणचं. आजोबा, आम्ही त्यांना आबा म्हणायचो, रापणीवर, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्यावर, जायचे. मी तिसरीत असेन. श्रावण होता, नारळी पौर्णिमा व्हायची होती. आबांबरोबर खडपावर, म्हणजे किनाऱ्यावरच्या कातळावर, गेले होते, पायात शाळेसाठी घेतलेल्या नव्या चपला, निळ्या पट्ट्याच्या. आबा वरच्या कोरड्या खडपावर, मी हळूहळू खाली ओल्यावर. लाट आली आणि एक चप्पल गेली. तीन हातांवर तरंगत होती, पट्टा वर करून. पाणी परत चाललं होतं, मला वाटलं आता सहज हाती येईल. मी वाकले, आणि मागून आबांनी वेणी धरून मला असं खेचलं की आजही आठवलं तरी टाळू दुखते. त्यानंतरची लाट मी जिथे वाकले होते त्या खडपाच्या डोक्यावरून गेली.

मला वाटलं आता मार पडणार. आबांनी मारलं नाही. माझ्या पायातली उरलेली चप्पल काढून घेतली आणि तीसुद्धा समुद्रात भिरकावली. म्हणाले, ‘दर्यान नेलला ता दर्याचा. त्याच्या फाटी जावचा नाय. एक ठेवन काय करतलंस, उद्या परत सोधूक येतलंस.’

घरी अनवाणी आले तेव्हा आई संतापली. आबा तिला एवढंच बोलले, ‘चेडू घराक इला मा?’ पोरगी घरी आली ना?

आज मी कॉलर पकडली तेव्हा तो मुलगा रडत होता ते चपलेसाठी. ‘माझी चप्पल, माझी चप्पल.’ मला काही सुचेना, मी त्याला कडेवर घेऊन तशीच उभी राहिले.

आता कुणी म्हणेल, नेहमीच काही हिशेबात बसत नाही. बरोबर आहे, मान्य करते. केरळात ज्याला ‘कल्लक्कडल’ म्हणतात, चोरटा समुद्र, ते पाणी दक्षिणेकडच्या महासागरातल्या वादळांनी उठलेलं असतं. हजारो किलोमीटरवरून येतं, इथे वारा नाही, ढग नाही आणि किनारा खवळतो. पण त्याचाही इशारा आता देतात. मे २०२४ मध्ये कन्याकुमारीजवळ वैद्यकीय शिक्षण घेणारी पाच मुलं गेली, तेव्हाही इशारा होता.

आणि आपल्याकडे? फेब्रुवारी २०१६, मुरूड-जंजिऱ्याचं मुरूड, पुण्याहून सहलीला आलेली १४ मुलं. एप्रिल २०१७, आमच्या मालवणची वायरी, बेळगावच्या इंजिनीअरिंग कॉलेजातले आठ जण. दोन्ही वेळा पाऊस नव्हता, वादळ नव्हतं. वायरीचा तो दिवस मालवणात कुणी विसरलेलं नाही. ते कोण कुणाचे होते हे आम्हाला माहीत नव्हतं, पण त्या संध्याकाळी जेवण गेलं नाही. अशा वेळी किनाऱ्यावरून पहिल्यांदा पाण्यात उड्या टाकतात ती आमच्याच गावातली पोरं. त्यांनाही आई आहे.

लिहिता लिहिता राग थोडा उतरलाय. खरं सांगते, त्या बापाचाही सगळा दोष नाही. ज्याने जन्मात धरण आणि तलावच पाहिलेत, त्याला पाणी म्हणजे जागेवर थांबणारी गोष्ट वाटणार. त्याला कसं कळावं की जिथपर्यंत खडप ओलं आहे तिथपर्यंत लाट आत्ताच येऊन गेलीय आणि पुन्हा येणार आहे? की चार-पाच लाटा लहान येतात आणि मग लागोपाठ दोन मोठ्या? की सगळीकडे लाटा फुटतायत आणि मध्येच एक पट्टा शांत दिसतोय, तर तीच जागा घातकी, कारण किनाऱ्यावर चढलेलं पाणी तिथूनच परत आत ओढलं जातं? आम्हाला हे आईच्या दुधाबरोबर मिळालं. त्यांना कुणी सांगितलं? गोव्यात २००८ पासून जीवरक्षक बसलेत, लाल बावटा लागला की शिट्ट्या मारून लोकांना बाहेर काढतात. आमच्याकडच्या कितीतरी पुळणींवर गंजलेली एक पाटी असते, तिच्यावरची अक्षरंही खाऱ्या वाऱ्याने गेलेली.

पण मी सांगितलं होतं ना! दोनदा सांगितलं होतं! पैसे देऊन खोली घेतली म्हणजे समुद्र काही भाड्याने मिळत नाही.

ओढीत सापडलात तर किनाऱ्याकडे तोंड करून हातपाय मारू नका, दमाल. पाठीवर तरंगा, हात वर करा, जमेल तसं किनाऱ्याला समांतर सरका. ती ओढ काही मैलभर रुंद नसते. दुसरं कुणी सापडलं तर त्याच्या मागे उडी घेऊ नका. दोरी फेका, झाकण लावलेला रिकामा कॅन फेका, ११२ ला फोन करा, तटरक्षक दलाचा १५५४ आहे. खाडीच्या मुखाशी तर ओहोटीत गुडघाभर पाण्यातही उतरू नका. कर्ली नदीचं सगळं पाणी एकदम बाहेर पडायला धावतं तेव्हा पट्टीचा पोहणाराही उभा राहत नाही.

समुद्र फक्त पर्यटकांनाच धडा देतो असं नाही. देवबाग म्हणजे एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला खाडी आणि मध्ये आम्ही. २०१९ च्या दिवाळीत क्यार वादळ आलं. आलं म्हणजे किनाऱ्याला लागलंच नाही, ओमानच्या बाजूला गेलं. तरी समुद्र घराघरांत शिरला. मी आकाशकंदील लावायच्या तयारीत होते. सासूबाईंनी आधी मेन स्विच पाडला, मग तांदळाचा डबा माळ्यावर, मग गाईचं दावं सोडलं. मी फ्रिजच्या काळजीत होते. त्या म्हणाल्या, ‘ऱ्हवांदे गो ता, पोरांका घेवन वरच्या रस्त्यार चल.’ फ्रिज गेला. विहीर कितीतरी दिवस खारट राहिली, डाळ शिजेना. पण आम्ही सगळे रस्त्यावर कोरडे उभे होतो.

सासूबाई आणि आबा एकमेकांना कधी भेटले नाहीत. बोलले मात्र एकच.

ते कुटुंब दुपारीच निघून गेलं. निघताना मुलाची आई माझ्याजवळ आली, काही बोलली नाही, नुसता हात धरला. मी मुलाला माझ्या धाकट्याच्या जुन्या चपला दिल्या. थोड्या मोठ्या होत्या, तो फटाफट आवाज करत गाडीपर्यंत गेला. त्याची उरलेली एक चप्पल पायरीवरच राहिली, हिरवी, बेडकाचं तोंड असलेली. आबा असते तर त्यांनी ती कधीच भिरकावली असती. माझा हात होत नाही.

रात्रीची भरती पुरी होत आलीय. वाऱ्याची दिशा फिरलीय आणि बंधाऱ्यावर पाणी आपटल्याचा आवाज मघापेक्षा जवळून येतोय. विजेरी घेऊन मागच्या दारी बघून येते.