खुलासा : ‘स्वतःला ओळख’ हे वाक्य सॉक्रेटिसचं नाही

सॉक्रेटिसच्या पुतळ्याचा फोटो आणि खाली ‘स्वतःला ओळख – सॉक्रेटिस’ अशी पोस्ट व्हॉट्सॲपवर सारखी येते. हे वाक्य त्याचं नाही. ते ग्रीसमधल्या डेल्फीच्या अपोलो मंदिरात, प्रवेशाजवळच्या भागात कोरलेलं होतं. शेजारी ‘अति नको’ हेही वचन होतं. परंपरेनं दोन्ही वचनांचं श्रेय प्राचीन ग्रीसच्या ‘सात ज्ञानी पुरुषांना’ दिलं जाई.

सॉक्रेटिस ते उद्धृत करतो, आणि कुठे करतो ते मुद्दाम पाहावं. त्याचा शिष्य प्लेटो याच्या ‘फीड्रस’ या संवादात सॉक्रेटिस आणि त्याचा मित्र फीड्रस अथेन्सबाहेर, इलिसस नदीच्या पाण्यात पाय भिजवत एका चिनाराकडे निघालेत. वाटेत फीड्रस विचारतो, इथली वाऱ्याच्या देवाची दंतकथा तुला खरी वाटते का? सॉक्रेटिस म्हणतो, त्यासाठी मला सवड नाही. डेल्फीचं कोरलेलं वचन सांगतं तसं मी अजून स्वतःलाच ओळखलेलं नाही. मी टायफॉनसारखा गुंतागुंतीचा राक्षस आहे की साधा, शांत प्राणी, हेच तो तपासतोय.

म्हणजे पोस्टमध्ये जो आपल्याला उपदेश करतो, तो मूळ प्रसंगात हा उपदेश स्वतःला लावून घेतो, आणि जमलेलं नाही म्हणून कबूल करतो. मला तरी हा फरक नावाच्या चुकीपेक्षा मोठा वाटतो.

अर्थाचंही तसंच. ‘आतला आवाज ऐका, मोठी स्वप्नं बघा’ हे आजचं वळण आहे. देवळात शिरणाऱ्या ग्रीक माणसाला त्यात प्रामुख्यानं ऐकू येई ते असं : तू माणूस आहेस, देव नाहीस.