प्रादेशिक म्हणजे नेमक्या कुणाच्या प्रदेशाचं?

मराठीत एक सवय पक्की झाली आहे. व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' ग्रामीण-प्रादेशिक कप्प्यात आणि दया पवारांचं आत्मकथन 'बलुतं' दलित कप्प्यात. वास्तविक 'बलुतं' हे नावच गावगाड्यातल्या वाट्यावरून आलेलं. गावात कुणाला काय, किती आणि कशाच्या बदल्यात मिळायचं, याचा इतका रोखठोक हिशेब किती ग्रामीण कादंबऱ्यांत आहे? पण समीक्षेने वाटणी करून टाकली. गाव एकाच्या नावावर, वेदना दुसऱ्याच्या.

अमेरिकेच्या दक्षिणेत हीच वाटणी झाली. १९३० साली नॅशव्हिलच्या व्हँडरबिल्ट विद्यापीठाच्या अवतीभवतीच्या मंडळींनी 'आय विल टेक माय स्टँड' हा निबंधसंग्रह काढला. यंत्रयुगाविरुद्ध दक्षिणेच्या शेतीसंस्कृतीची कैफियत. लेखक बारा, बाराही गोरे. त्या शेतात राबणाऱ्या काळ्या माणसांवर एकच निबंध, रॉबर्ट पेन वॉरन यांचा, आणि तोही वर्णभेदाच्या भिंतीला हात न लावणारा. (वॉरन यांनी पुढे ती भूमिका जाहीरपणे सोडली, हे त्यांच्या बाजूने सांगायलाच हवं.) 'दक्षिणेचं साहित्य' हा शिक्का पुढे बराच काळ गोऱ्यांच्याच पुस्तकांवर बसत राहिला. काळा लेखक त्याच मातीत जन्मला, त्याच मातीवर लिहीत राहिला, तरी तो 'निग्रो लेखक'.

माझं म्हणणं असं की, प्रदेश खरा कळतो तो जमीन ज्याच्या नावावर नाही त्याच्या लिखाणातून. मालकाला जमीन आठवते. राबणाऱ्याला ती वाफ्यावाफ्याने माहीत असते. यासाठी काळे अमेरिकी कादंबरीकार अर्नेस्ट गेन्स वाचावेत. जन्म १९३३, लुइझियानातल्या पॉइंट कूपी परगण्यातल्या रिव्हर लेक या मळ्यावर. घराणं पिढ्यान्‌पिढ्या तिथेच वाट्याने शेती करणारं. पंधराव्या वर्षी ते कॅलिफोर्नियाला गेले, पण कादंबऱ्या आयुष्यभर बहुतेक त्या एका परगण्यावरच लिहिल्या. त्यांच्या पुस्तकांतलं बेयोन म्हणजे तिथलं न्यू रोड्स गाव.

आता जमीन नीट बघू, कारण सगळी गोष्ट तिथेच आहे. या मळ्यालगतचं फॉल्स रिव्हर हे मिसिसिपी नदीचं सुटलेलं वळण, आता लांबट तळं झालेलं. फ्रेंच काळात या भागात जमिनी पट्ट्यांनी वाटल्या. पाण्याकडची बाजू अरुंद आणि मागे लांबच लांब, बहुधा चाळीस आर्पां. एक आर्पां सुमारे १९२ फूट, म्हणजे पट्टा सव्वादोन किलोमीटरच्या वर आत जातो. पूर येतो तेव्हा नदी जड गाळ काठालगतच टाकते आणि बारीक चिकण माती मागे वाहून नेते. त्यामुळे काठाची जमीन उंच, हलकी, निचऱ्याची. मागची सखल, चिबड, म्हणजे पाणी धरून राहणारी. त्याच्याही मागे सायप्रसची दलदल. मालकाची हवेली पाण्याकडे तोंड करून पुढे. तिथून मागे जाणाऱ्या वाटेच्या दोन्ही अंगांना मजुरांच्या खोल्यांची रांग, तिला नुसतं 'क्वार्टर्स' म्हणायचं.

अशा मळ्यावर जमीन वाट्याने देताना चांगला तुकडा कुणाला जातो? गेन्स यांच्या कादंबऱ्यांत तो केजनांना जातो, म्हणजे फ्रेंच वंशाच्या गरीब गोऱ्यांना. काळ्यांच्या वाट्याला मागची चिबड. बी, खेचर, घर मालकाचं, श्रम कुळाचे, आणि पीक साधारण निम्मं-निम्मं. उधारी दुकानात आणि वही मालकाकडे. चांगल्या जमिनीवर केजनाचं पीक जास्त, म्हणून त्याच्या हाती आधी पैसा, म्हणून ट्रॅक्टरही आधी त्याचाच. ट्रॅक्टरला छोटे तुकडे परवडत नाहीत. मग मालक काळ्यांचे तुकडेही त्यालाच देतो. काळ्यांची पोरं कॅलिफोर्नियाला, घरं रिकामी, रिकामी घरं पाडून तिथेही ऊस. हे सगळं घडायला एकाही माणसाने दुष्ट असण्याची गरज लागत नाही. १९६४च्या पहिल्याच कादंबरीपासून, 'कॅथरीन कार्मिए'पासून, गेन्स हीच साखळी मांडतात. वंशभेद म्हटल्यावर आपल्याला शिवीगाळ आणि फास आठवतो. तो निचऱ्याच्या जमिनीतूनही चालतो.

ऊस म्हटल्यावर आपल्याकडचा वाचक कान टवकारेल, म्हणून एक सांगतो. आपला आडसाली दीड वर्षं उभा राहतो. लुइझियानात हिवाळ्यात कडक थंडी पडते, ऊस गारठला की रस बिघडतो, म्हणून नऊएक महिन्यांचाच ऊस ऑक्टोबरपासून घाईने तोडावा लागतो. या घाईचा थेट संबंध शाळेशी आहे. 'अ लेसन बिफोर डाइंग' (१९९३) मधली क्वार्टर्समधली शाळा ऑक्टोबरच्या शेवटी भरते आणि एप्रिलच्या मध्याला बंद होते. बाकीचे महिने पोरं शेतात. शाळा चर्चमध्येच, बाकं प्रार्थनेची, त्यामुळे लिहायचं तर पोरांनी गुडघ्यावर बसून बाकाचंच टेबल करायचं. लेखक यावर एक शब्द टिप्पणी करत नाही. आपल्याकडच्या पुष्कळ लेखकांना इथे हुंदका आवरला नसता.

'अ गॅदरिंग ऑफ ओल्ड मेन' (१९८३) मध्ये एक केजन शेतकरी क्वार्टर्समध्ये गोळी लागून मरतो. गावातले काळे म्हातारे एकेक करून जमतात. प्रत्येकाकडे बारा बोअरची बंदूक आणि पाच नंबरचं झाडलेलं काडतूस, आणि प्रत्येकाचं म्हणणं एकच, मी मारला. शेरीफची पंचाईत. मग जो तो आपलं कारण सांगतो. त्यातल्या जॉनी पॉलचं कारण आहे कब्रस्तान. ट्रॅक्टर दर हंगामाला कबरींच्या जवळ सरकतोय, एक दिवस तो आतच शिरेल. तिथल्या बऱ्याच जुन्या कबरींवर दगड नसतात, नांगराला अडायला काही नसतं, आणि वाडवडील इथे होते याचा कागदावर दुसरा पुरावाही नसतो. म्हणजे आपलेपणा इथे मनातली हुरहुर नाही, ती हद्दीची भांडणं आहेत. खुद्द गेन्स यांनीही पुढे त्याच मळ्याची थोडी जमीन घेऊन घर बांधलं, आणि ते नि त्यांची पत्नी तिथलं जुनं कब्रस्तान राखायला उभे राहिले.

या कादंबरीला पंधरा निवेदक आहेत आणि प्रत्येक प्रकरणावर आधी कागदोपत्री नाव, मग हाकेचं. कुणी रॉबर्ट लुई स्टीव्हन्सन बँक्स ऊर्फ चिमली. ज्याच्याभोवती सगळं फिरतं तो मॅथू मात्र निवेदन करत नाही. मराठीत आणायची कुणाला हौस असेल तर इथेच गाडी घसरेल. सगळ्या म्हाताऱ्यांना तमाशापटातली एकच 'गावरान' भाषा चिकटवली की खलास. निवेदकांत गोरी मिस मर्ल आहे, गोरा पत्रकार आहे, केजन दुकानदार आहे, लहान पोरगा आहे. कोण कुणासमोर कसं बोलतं, हीच इथली उतरंड. ती गेली तर उरतं नुसतं खुनाचं रहस्य.

सिनेमांवर तर मुळीच विसंबू नका. गेन्स यांच्या 'द ऑटोबायोग्राफी ऑफ मिस जेन पिटमन'मधल्या जेन पिटमनने गोऱ्यांसाठी राखीव नळाचं पाणी पिण्याचा दृश्य-प्रसंग लोकांना पाठ असतो. तो १९७४च्या टीव्ही-चित्रपटातला, १९७१च्या कादंबरीत नाहीच.

आपला या साहित्याशी संबंध जुना आहे. फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अर्पण केली ती गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांना. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती अमेरिकेतल्या काळ्यांच्या ब्लॅक पँथर या संघटनेचं नाव घेऊन. त्यांची उगारलेली मूठ आपण घेतली, ते योग्यच केलं. पण चिबड जमीन, सहामाही शाळा आणि दगड नसलेली कबर यांचं लिखाण मात्र आपल्याकडे फारसं पोचलं नाही.

सुरुवात करायची तर जाड पुस्तक नको. 'ब्लडलाइन' (१९६८) या संग्रहातली 'द स्काय इज ग्रे' ही कथा घ्या. दाढ दुखणाऱ्या पोराला घेऊन आई बसने बेयोनला येते. दंतवैद्य दुपारपर्यंत दार बंद करतो, बाहेर कडाक्याची थंडी, आणि काळ्यांनी बसावं अशी ऊबदार जागा जवळपास एकही नाही. आई एका हार्डवेअरच्या दुकानात शिरते, पोराला शेगडीजवळ उभं करते, आणि कुऱ्हाडीचे दांडे मागून घेऊन ते निरखत बसते. घ्यायचं काहीच नसतं. पोराचं अंग शेकलं की दांडा परत, आणि दोघं बाहेर. हे पटलं तर मग 'गॅदरिंग', त्यानंतर 'लेसन'. जेन पिटमन शेवटी ठेवा.