गाडी नरडाण्याला उभी आहे

रस्सा हा फार समजूतदार पदार्थ आहे. पाहुणा तासभर उशिरा आला तर तो तासभर जास्त मुरतो, आणि पाहुणा दुसऱ्या दिवशी उगवला तर दुसऱ्या दिवशी आणखी छान लागतो. खान्देशातली माणसं आणि गाड्या बघूनच आमच्या पूर्वजांनी सगळा स्वयंपाक रश्श्यावर नेऊन बसवला असणार, असा माझा जुना संशय आहे. शेवभाजीतली शेव तेवढी ऐनवेळी टाकायची, बाकी सगळं थांबू शकतं. सॅलड थांबत नाही.

मुलगी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, पुण्याहून घरी आली होती. पुरणपोळी आणि आमरस तिने मुकाट्याने खाल्ला, आणि सण उलटल्या दिवशी जाहीर केलं की या घरात प्रोटीन कोणी खातच नाही. आज तीच स्वयंपाक करणार होती. पदार्थ म्हणजे मांसाचं सॅलड, मूळचं थायलंडकडचं. बीफ विस्तवावर भाजायचं, पातळ कापायचं, त्यात लिंबू, मिरची, पुदिना, कच्चा कांदा, फिश सॉस आणि भाजलेल्या तांदळाची भरड घालायची. वरून फळं. फळं कृतीत नव्हती, ती तिने स्वतःच्या जबाबदारीवर घातली होती.

पहिल्याच शब्दाला गाडी अडली. महाराष्ट्रात १९७६ च्या कायद्याने गाय वाचली आणि २०१५ च्या दुरुस्तीने बैल आणि वळूही. म्हशीला कायद्याचं तेवढं संरक्षण नाही, पण आमच्या दारात दोन बांधलेल्या आहेत आणि त्यांना आईचं आहे. शिवाय पोळ्याला ज्याच्या तोंडात आपण पुरणपोळी घालतो, त्याचं सॅलड ही कल्पना आईसमोर मांडणार कोण? तेव्हा बोकडावर तडजोड झाली. फिश सॉस म्हणजे मीठ लावून आंबवलेले मासे. तो अमळनेरात मिळाला नाही, आणि मिळाला असता तरी बाटली उघडल्यावर शेजारच्यांना काय सांगायचं हा प्रश्न होता. त्याऐवजी लोणच्याचा खार घ्यायचं ठरलं. लेट्यूसच्या ऐवजी कोबी. मे महिन्यात आमच्याकडे माणसं कोमेजतात, तिथे त्या नाजूक पाल्याने काय करावं?

खाटकाकडे मी गेलो. म्हटलं, मांडीचं द्या, बिनहाडाचं, मोठे तुकडे.

"हाड नको? मग रस्सा कशाचा?"

"रस्सा नाही करायचा."

त्याने सुरा खाली ठेवला. "घरात कोणी आजारी आहे का?"

मी भाजून, गार फळांबरोबर वगैरे सांगायचा प्रयत्न केला. त्याने शांतपणे ऐकून घेतलं, मांडी सोडवली, आणि नळी व चार हाडं वेगळ्या पिशवीत बांधून न मागता हातात दिली. "असू द्या," म्हणाला. पैसे घेतले नाहीत.

आता बोकडाची मांडी म्हणजे दिवसभर चालणारा स्नायू. बीफचा कमरेकडचा मऊ तुकडा नुसता शेकला तरी चालतो, मांडी नुसती शेकली तर ती चप्पल दुरुस्तीला कामी येते. त्यावर उपाय कच्च्या पपईचा. पपईच्या चिकात पपेन नावाचं विकर असतं, ते मांसातली प्रथिनं तोडतं. अर्धा-पाऊण तास वाटण लावून ठेवलं की काम होतं. मात्र पपेनला 'पुरे' कळत नाही. जास्त वेळ ठेवलं की वरचा थर पिठूळ होतो. मुलीने हे सगळं मोबाइलवरून वाचून दाखवलं आणि विचारलं, "काका किती वाजता येणार?"

काका म्हणजे माझा आतेभाऊ, नंदुरबारचा. फोन केला. तो म्हणाला, "निंघनू भो." मागून गाडीचा आवाज नव्हता, नळाचा होता.

तरी गाडीचा अंदाज धरून आम्ही पपई लावली. आमच्या घरी मटण माजघरात शिजत नाही, अंगणातल्या चुलीवर शिजतं, त्यामुळे जागेचा प्रश्न नव्हता. प्रश्न विस्तवाचा होता. कपाशीच्या काड्या भरपूर होत्या, पण त्या भरताच्या कामाच्या. भडकतात आणि विझतात. वांग्याची साल जाळायला ज्वाळ लागते, मांसाला निखारा लागतो. शेवटी बाभळीची दोन लाकडं फोडली. तेवढ्यात धूर बघून समोरचे अण्णा आले. "मे महिन्यात भरीत?" म्हणाले. भरिताची वांगी थंडीतली. जळगावच्या त्या वांग्याला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालंय आणि अण्णा ते स्वतःला मिळाल्यासारखं बोलतात. वांगं नाही, मटण आहे, हे कळल्यावर त्यांनी ओट्यावर बैठक मारली आणि पहिला सल्ला दिला: "वरून तेल सोडा."

तेल नव्हतंच. या पदार्थात तेलाचा थेंब नाही. ज्या गावात १९४५ साली वनस्पती तुपाचा कारखाना निघाला आणि त्याचीच पुढे विप्रो झाली, त्या गावात बिनतेलाचं मटण! अण्णांनी माझ्याकडे असं पाहिलं की नोकरी गेली की काय याची.

जाळी पापड भाजायची. घरात दुसरी नाही. आई गच्चीवर बिबड्यांना, म्हणजे ज्वारीच्या पापडांना, कावळ्यांपासून राखत बसली होती, म्हणून जाळी खाली आणता आली.

फळांकडे एव्हाना वेगळाच कारभार चालू होता. मुलीने दोन बदाम आंबे कडक बघून, दाबून, सॅलडसाठी बाजूला ठेवले होते. आखाजीला पितरांचा नैवेद्य झाल्यामुळे आंबे कापायला आता कोणाची हरकत नसावी, असा तिचा समज. आईने मधेच खाली येऊन ते पिळून रस करून ठेवला. "कापीसन आंबा कोण खास?" हा तिचा प्रश्न, आणि त्याला घरात कोणाकडे उत्तर नव्हतं. उरलं टरबूज आणि केळी. केळी सॅलडमध्ये शोभत नाही हे मलाही कळतं, पण माझी सासुरवाडी रावेरची. हिच्या माहेरचा घड वळचणीला टांगलेला असताना टरबूज कापायचं आणि केळीकडे दुर्लक्ष करायचं, एवढं धाडस माझ्यात नाही. हिने स्वतःच चकत्या केल्या. लिंबू पिळलं म्हणजे केळी काळी पडत नाही, असं मुलगी म्हणाली. पडते. हळू पडते एवढंच.

फोन. "दोंडाईचा सोडं." म्हणजे खरोखर निघाला होता. मुलीने हिशेब केला आणि तुकडे जाळीवर ठेवले. मांस आतून पंचावन्न अंशांवर आलं की उतरवायचं, असं तिचं पुस्तकी म्हणणं. अंगणात त्या वेळी पंचेचाळीस होते. वरचे दहा अंश काय ते निखाऱ्यांनी पुरवायचे. मात्र बोकड असल्याने ते आणखी थोडं जास्त भाजायचं ठरलं, आणि पापडाच्या जाळीवर एका वेळी तीनच तुकडे बसत असल्याने चुलीपाशी मी स्वतःही आतून तोच आकडा गाठत आलो होतो.

पहिला तुकडा उतरला. बाहेरून तपकिरी, कडांना जरा काळा, आत गुलाबीची शेवटची रेघ. दहा मिनिटं तसाच ठेवून, मग धाग्याच्या आडवं कापायचं, म्हणजे दाताखाली दोरे येत नाहीत. मुलीने एक पातळ काप काढला, लिंबू, मिरची, पुदिन्याची दोन पानं, लोणच्याला आणलेल्या कैरीची फोड, असं चिमटीत धरून माझ्या तोंडात घातलं. खरं सांगतो, उभ्या जन्मात रश्श्याबाहेरचं मटण मला इतकं आवडलं नव्हतं. आंबट, तिखट, धुराचा वास, आणि मग मांसाचा गरम रस. अण्णांनीही एक काप घेतला आणि तेलाचा विषय काढला नाही.

तेव्हाच बसून सगळ्यांनी खाल्लं असतं तर हा लेख लिहायची वेळ आली नसती. पण पाहुण्याआधी जेवायचं? आमच्या घरात?

फोन. "गाडी नरडाण्याले उभी शे."

नरडाणा म्हणजे वाटेवरचं स्टेशन. उभी होती ती होतीच. मुलीने उत्साहात सगळं एकत्र कालवून ठेवलं होतं. खारातल्या मिठाने टरबुजाचं पाणी सोडवलं, कोबी त्यात पोहायला लागली. केळीने रंग बदलला. वीज गेली, फ्रिज बंद, म्हणून परात माठाशेजारी ओल्या फडक्यावर ठेवली. तिथल्या गारव्याने मटणाची चरबी थिजून कापांवर पांढरी साय धरली, तेव्हा ही म्हणाली, उन्हात ठेवा, वितळेल. उन्हात ठेवली. वितळली. बाकीचंही सगळं वितळलं. शेवटची खेप तर पपईच्या वाटणात इतका वेळ पडून होती की जाळीवर ठेवताच अर्धी निखाऱ्यात गेली.

आतेभाऊ आला तो हातात शहाद्याची पिकलेली पपई आणि गळ्यात तुळशीची माळ घेऊन. माळ कधी घातली? "कार्तिकीले." सांगितलं नाही? "तू इचारं नही."

त्याने हातपाय धुतले, स्वतःच आणलेली पपई स्वतः कापली आणि कळण्याची भाकरी, मिरचीचा ठेचा आणि आंब्याचा रस यांवर तृप्त झाला. परातीत डोकावून एवढंच म्हणाला, "केळा चांगला व्हतात." अण्णांनी मुलीचं मन राखायला एक वाटी भरून घेतली, चमच्याने ढवळली आणि विचारलं, हे जेवणाआधी पितात की नंतर?

मग आईने चुलीच्या मागून पातेलं काढलं. खाटकाने फुकट दिलेली नळी आणि हाडं, काळा मसाला, वर तेलाचा तवंग. कधी चढवलं होतं कोण जाणे. मुलीने दोन भाकरी खाल्ल्या आणि प्रोटीनचं नाव काढलं नाही.

पापडाच्या जाळीला मात्र मटण लागलं होतं. ती आता पापडाला चालणार नाही, असा निकाल आईने संध्याकाळी दिला. दुसऱ्या दिवशी बाजारातून नवी जाळी आणली. जुनी मुलीने मागून घेतली, पुण्याला खोलीवर करीन म्हणाली. मी म्हटलं, कशाला ते ओझं? तर आईच म्हणाली, "लई जाऊ दे रे. तठे गाड्या येळवर येतस म्हणे."