खोगीरभरतीची किंमत

शनिवारवाड्यासमोरचा बाजीरावांचा अश्वारूढ पुतळा मी चाळीस वर्षं स्कूटरवरून बघत आलोय. घोडा म्हणजे पाठ, एवढीच माझी समजूत. त्या पाठीला खालून पोट सावरतं, हे कळायला पन्नाशीत रायडिंग क्लास लावावा लागला.

घोडीचं नाव बिजली, पण स्वभाव पुण्यातल्या गुरुवारचा, दुरुस्तीसाठी वीज बंद असावी तसा. महिनाभर खोगिरावर बसून मी जरा ऐटीत आलो, तोच आमच्या शिक्षिकेनं (वय माझ्या मुलीएवढं, आवाज हेडमास्तरांचा) खोगीरच काढून ठेवलं. "काका, आज उघड्या पाठीवर. मांड म्हणजे काय ते कळेल."

कळलं. लोकांच्या लेखांना मी सर्रास खोगीरभरती म्हणतो; त्या भरतीची किंमत स्टुलावरून वर चढल्याक्षणी समजली. खोगीर वजन पसरवतं. आता माझ्या बुडाची दोन हाडं थेट बिजलीला टोचत होती, आणि तिची पाठ मला. म्हणून दहाच मिनिटं, तीही साध्या चालीवर.

दुसऱ्याच पावलाला मी डगमगलो आणि घाबरून पोटऱ्या आवळल्या. घोड्याच्या भाषेत याचा अर्थ 'चल'. ती दुडकू लागली. मी आणखी आवळल्या. आज्ञाधारक जनावर, आणखी पळालं.

"काका, ॲक्सिलरेटर सोडा!"

मी सवयीनं उजवी मूठ पिळली. लगाम ओढला गेला, वरात कुंपणाकडे.

"आयाळ धरा! पाय सैल! नजर समोर!"

पाय सैल सोडले आणि बिजली थांबली. मी मात्र तिच्या मानेपर्यंत जाऊन आलो.

मग तिचा व्यायाम. घोड्याला कॉलर बोन नसतं. पुढच्या पायांच्या मधे धड नुसत्या स्नायूंच्या झोळीत टांगलेलं. झोळी ढिली पडली की पाठ खचते. म्हणून आडव्या बांबूंवरून पाय उचलत चालायचं, काही पावलं उलटं जायचं, आणि शेवटी गाजर: आधी छातीपाशी, मग पुढच्या पायांमधे, मग बरगडीशी. दाखवलेलं गाजर खरोखर मिळतं, हे मी मतदार असूनही पहिल्यांदाच पाहिलं.

"बघा काका, पोट आत गेलं की पाठ कशी वर येते," म्हणताना तिची नजर बिजलीवरून घसरून माझ्या शर्टाच्या शेवटच्या दोन बटणांवर थांबली.

घरी उभ्यानंच जेवलो. पानात गाजराची कोशिंबीर होती. बायको आत गेल्यावर एक फोड गुडघ्यांमधे धरून बघितली. हनुवटी छातीपर्यंत पोचली.