कोयता चालवायला शिका, बसल्या जागी

पबजी खेळताना बंदूक शोधत हिंडू नका. तिच्या नादानं पोचिंकीच्या, म्हणजे गेममधल्या एका गावाच्या, पहिल्याच घरात शिरणारे तिथंच आडवे होतात. छत्रीतून उतरलात की हाताला लागेल ते उचला. नशीब चांगलं असेल तर पायाशी कोयता पडलेला दिसेल. गेममध्ये त्याला मॅचेटी म्हणतात, आपणही मॅचेटीच म्हणायचं. कोयता म्हटलं की उगाच गावाकडचं वाटतं, आणि दीड जीबी डेटा आपण काही गावाकडचं वाटावं म्हणून जाळत नाही.

पबजी म्हणा की तिचा भारतातला अवतार बीजीएमआय, जवळून मारायची मूळची हत्यारं चार: मॅचेटी, क्रोबार, सिकल आणि पॅन. म्हणजे कोयता, पहार, विळा आणि तवा. हेच चार नग तुमच्या घरामागच्या छपरात पडलेले असतात आणि त्यातला एक तरी उचलून आण म्हणून आई सकाळपासून सांगायलीय. कानातले बोळे काढू नका. छपरातल्या कोयत्याला गंज असतो आणि तो उचलून एकही पॉइंट मिळत नाही.

आता डॅमेजचं शास्त्र नीट ऐका. माणसाचा जीव 100 चा. कोयत्याचा घाव 60, पहारीचा 60, विळ्याचा 60. ज्यानं कडबा कापायचा त्याचे 60 आणि जिनं मुरूम फोडायचा तिचेही 60. एवढी समानता आमच्या ग्रामसभेतही नाही. तव्याचे मात्र 80. अंगात काही नसेल तर चारही हत्यारांनी दोन घावात माणूस खाली, मग तव्याचा एवढा बडेजाव कशाला, असा प्रश्न तुम्हाला पडला तर तुम्ही अजून कच्चे आहात. समोरच्यानं तिसऱ्या लेव्हलचं व्हेस्ट, म्हणजे चिलखत, घातलं की 55 टक्के मार तेच गिळतं. कोयत्याचे 60 मग 27 होतात, तव्याचे 80 होतात 36. म्हणजे कोयत्याला चार घाव, तव्याला तीन. त्या एका जादा घावाच्या वेळात समोरचा बंदूक भरतो आणि तुम्ही गेमबाहेर, लॉबीत येऊन पडता. डोक्याचा हिशोब वेगळा. तिथं हेल्मेट नसेल तर तव्याचा एकच पुरे. आमच्या पारावरची पोरं हे टक्के झोपेत सांगतात. त्यातल्याच एकाला परवा दुकानावर पावणेदोन किलो साखरेचे किती झाले विचारलं, तर त्यानं मोबाइल काढला.

या हत्यारांना रेंज हातभराची. त्यासाठी पळत जाऊन समोरच्याच्या उरावर जावं लागतं, आणि नेमकी तेव्हाच तुमची रेंज जाते. ही दुसरी रेंज, मोबाइलची. आमचं गाव धारूरच्या घाटाखाली आहे, त्यामुळे या विषयावर मी अधिकारानं बोलू शकतो. पाण्याच्या टाकीच्या तिसऱ्या पायरीवर, उजवीकडे तोंड करून बसलं तर घाव वेळेवर लागतो. चौथी पायरी सरपंचाच्या पुतण्याची आहे, तिथं बसू नका. तिथलं डॅमेज गेममधलं नसतं.

काहीच हाताला लागलं नाही तर मुठी आहेतच. उडी मारून बुक्की घाला, आणि ती डोक्यात घाला. पळायचं असेल तर बंदूक हातात धरून पळू नका. रिकाम्या हातांनी माणूस जास्त जोरात पळतो. गेम बनवणाऱ्यांना हे कुठून कळलं ठाऊक नाही, पण आमच्याकडे सोसायटीचा वसुली अधिकारी आला की ते दिसतंच.

तव्याबद्दल मात्र थोडं थांबून बोललं पाहिजे. तवा नुसता मारायचा नसतो, तो पाठीमागं लटकवायचा. बरोबर ढुंगणावर बसतो. मागून कुणी गोळी घातली आणि ती तव्यावर बसली की टण्ण आवाज येतो, आणि तुम्हाला काही होत नाही. गोळी कसलीही असो. व्हेस्ट फाटतं, हेल्मेट फुटतं, तव्याला ओरखडा नाही. जगातल्या भारी भारी रायफली एका तव्यापुढं हरतात, हे पाहून माझ्या आजीला आनंद होईल म्हणून मी तिला स्क्रीन दाखवली. ती चुलीपुढं भाकरी थापत होती. तिनं बघितलं, परातीतलं पीठ सारखं केलं आणि विचारलं, “ह्या बयेनं तवा मागं कामून लटकवलाय? जेवायचं कशात?” मी म्हटलं, आजी, जिंकल्यावर चिकन डिनर मिळतो. “शिजवितं कोण?” पुढचं सगळं डॅमेज मला भाकरी करपल्याबद्दल झालं, आणि मी तिसऱ्या लेव्हलचं काही घातलेलं नव्हतं.

2 सप्टेंबर 2020 ला सरकारनं 118 ॲपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल गेलं. आमच्या पारावर सुतक होतं. पुढच्या जुलैत बीजीएमआय आलं, 2022 च्या जुलैत तेही उचललं, 2023 च्या मे महिन्यात परत आलं. या सगळ्या काळात गावातले खरे कोयते दरसाल दसरा-दिवाळीच्या आसपास ऊसतोडीला बाहेर पडले आणि उन्हाळा तोंडावर आल्यावर परतले. त्यांच्यावर बंदी कुणी घातली नाही, त्यामुळे बातमीही झाली नाही.

आता स्क्वॉडकडे वळू. गेममध्ये स्क्वॉड चौघांचा. आपल्याकडे त्याला टोळी म्हणतात आणि ती माणसांवर मोजत नाहीत, कोयत्यांवर मोजतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मजूर गोळा करणारा मुकादम आगाऊ पैसे, म्हणजे उचल, देतो तीही कोयत्यावर, आणि कारखाना सुरू झाला की ट्रॅक्टर दारात येतो. लूट आधी हातात, खेळ नंतर; म्हणजे पबजीच्या बरोबर उलटं. खेळून खेळून लूट फेडायची, आणि नाही फिटली तर पुढच्या सीझनला तोच मॅप.

तुम्ही गेममधल्या कोयत्यात तरबेज झालाच आहात, तर या मॅपमध्ये तुम्हाला काही जड जाणार नाही. फक्त कंट्रोल थोडे वेगळे आहेत. इथं कोयता वरून खाली मारायचा नसतो. कमरेतून वाकायचं, डाव्या हातात ऊस धरायचा आणि बुडातून, पार जमिनीला लागून तोडायचा. खुंट वर राहिला की कारखान्याचा चिटबॉय ओरडतो. मग पाचट काढायचं, शेंड्याचं वाढं छाटायचं, मोळी बांधायची. एका उसाला कोयता किती वेळा चालतो ते मोजा आणि दिवसाला किती ऊस पडतात त्याला गुणा. टक्केवारी येते तुम्हाला, हे तर सोपं आहे.

व्हेस्टचीही सोय आहे. साडीवर नवऱ्याचा जुना फुल बाह्यांचा शर्ट चढवला की झालं पहिल्या लेव्हलचं व्हेस्ट. पाचटाची धार बाहीवर जाते, मनगटावर तरी येतेच. हेल्मेट म्हणजे डोक्यावरची चुंबळ. तिच्यावर मोळी ठेवून फळीवरून ट्रकात चढायचं असतं. फळीवरून घसरलं तर फॉल डॅमेज लागतं, तेवढं मात्र दोन्हीकडे सारखं.

आणि बँडेज. गेममध्ये एका बँडेजला 10 पॉइंट मिळतात आणि कितीही गुंडाळल्या तरी 75 च्या वर जीव जात नाही. हा भाग कुणीतरी उसाच्या फडात राहून लिहिलाय अशी मला शंका आहे. बोटावर कोयता बसला की पदराची चिंधी, चिमूटभर हळद, आणि 75 वरच पुन्हा वाकायचं. घरी बसलं तर खाडा पडतो, त्या दिवसाचे पैसे उलट कापले जातात. गेममध्ये पडलेल्या गड्याला उठवायला 10 सेकंद लागतात, तेवढे सेकंद कुणी मागितलेच तर मुकादमाला विचारून घ्या.

कौशल्य वाया घालवू नका, एवढंच माझं सांगणं. परवा आमच्या गल्लीतला असाच एक तयार गडी मुकादमाकडं स्वतःहून गेला. बारावी झाली होती, रँक बरा होता, नवा फोन घ्यायचा होता. उचल पाहिजे म्हणाला. मुकादमानं वही उघडली, बॉलपेनाचं टोपण दातानं काढलं.

“लग्न झालंय का रे?”

“नाही.”

“मग अर्धा कोयता.”

वहीत तसंच लिहिलं. 60 चे अर्धे किती, ते त्यानं जागेवरच काढलं असेल.