शकुंतलेचा इतिहास व्हायरल कसा करावा

परवा पुन्हा आला. तोच मेसेज, तोच तिरंगा, त्याच रडक्या इमोजी. "तुम्हाला माहीत आहे का? भारतात आजही एक रेल्वे इंग्रजांच्या मालकीची आहे!!" फॅमिली ग्रुपवर, शाळेच्या ग्रुपवर आणि टँकर किती वाजता येणार हे विचारायला काढलेल्या सोसायटीच्या ग्रुपवर, तिन्हीकडे एकाच सकाळी. वरून पुण्याच्या एका ओळखीच्या गृहस्थांचा फोन, की भाऊ तुमच्या यवतमाळकडं ती इंग्रजांची ट्रेन आहे ना, लाँग विकेंडला फॅमिली घेऊन यायचं म्हणतोय, बुकिंग ऑनलाइन होतं की तिथंच तिकीट मिळतं? म्हटलं या की, खिडकीची सीट सांगून ठेवतो. त्यांना खरं वाटलं!

तेव्हा ठरवलं की आपण उगाच चिडून बीपी वाढवण्यापेक्षा लोकांना मदतच करावी. शकुंतलेवर, म्हणजे यवतमाळ-मूर्तिजापूर-अचलपूर या छोट्या लाईनवरच्या आता बंद पडलेल्या गाडीवर, लिहायचंच आहे ना, मग नीट लिहा. आम्ही वऱ्हाडातली माणसं, त्या गाडीच्या डब्यात बसून वाढलेली, आमच्याकडून चार टिपा घ्या.

सगळ्यात आधी साल. साल कोणतंही चालतं पण १८५७ टाकलं तर लाईक दुप्पट, कारण लोकांना मंगल पांडे आठवतात. आता १८५७ हे किलिक निक्सन नावाच्या पेढीच्या स्थापनेचं साल आहे, ती मुंबईत निघाली, गाडीशी त्या सालाचा काही संबंध नाही, त्या वर्षी वऱ्हाडात रूळ नावाची वस्तूच नव्हती, मुंबई-नागपूर मेन लाईनच नागपूरला १८६७ ला पोचली. आपली छोटी लाईन टाकणारी, याच पेढीची सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी निघाली १९१० ला, आणि मग पुढच्या काही वर्षांत मूर्तिजापूरहून एक फाटा खाली यवतमाळला गेला, ११३ किलोमीटर, आणि दुसरा वर अचलपूरला, ७६ किलोमीटर. पण हे असलं काही लिहू नका. वाचणारा दुसऱ्या ओळीतच निघून जाईल.

फोटो दार्जिलिंगचा टाका. धूर, डोंगर, वळण. या लाईनवर डोंगर कुठला असं कुणीही विचारत नाही.

आता कापूस. कापसाबद्दल चकार शब्द काढायचा नाही, कारण कापूस काढला की गोष्टीतला इंग्रज एकदम साधा व्यापारी होऊन बसतो. झालं असं की अमेरिकेत १८६१ ते ६५ यादवी चालली, लँकेशायरच्या गिरण्यांना कापूस मिळेना, तेव्हा सगळ्यांना वऱ्हाड आठवलं. ते तर १८५३ पासूनच निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आलेलं होतं. मेन लाईनजवळच्या बाजारांचं भागलं, खामगावला फाटा मिळाला, अमरावतीला बडनेऱ्याहून मिळाला. राहिला आतला मुलूख. कारंजा, दारव्हा, यवतमाळ, अंजनगाव, काळी जमीन, पावसात बैलगाडीची चाकं आसापर्यंत रुतणार, कापूस आहे पण बाहेर काढायचा कसा? म्हणून ही अडीच फुटी लाईन, म्हणजे दोन रुळांत अडीचच फूट. ब्रॉडगेजचा खर्च नको, स्वस्तात रूळ टाकायचे, हलके डबे, हलकं इंजिन, आणि गावोगावच्या जिनिंग-प्रेसिंगमधून गाठी उचलून मूर्तिजापूरला आणायच्या. तिथं हमालांनी त्या पाठीवर घेऊन छोट्या डब्यातून मोठ्या डब्यात टाकायच्या, की चालली मुंबई आणि पुढं बोटीनं मँचेस्टर. पुलगाव-आर्वीची ३५ किलोमीटरची लाईन हीसुद्धा याच घरातली, याच कामाची. माणसं बसवायची हा नंतरचा विचार, म्हणजे गाठी चालल्याच आहेत तर बसा तुम्हीपण मागं.

एवढं सगळं लिहिलं तर मग हेही लिहावं लागेल की कापूस ट्रकनं थेट जायला लागला आणि मूर्तिजापूरला दोनदा चढउतार करायला व्यापारी काही खुळे नव्हते, मालगाडी गेली तेव्हाच या लाईनचा अर्धा जीव गेला होता. कोण वाचतं एवढं. इंग्रज, गुलामी, रॉयल्टी. बस.

कालिदास, दुष्यंत, हरवलेली अंगठी, सगळं वापरा, तुमच्याआधी फक्त प्रत्येकानं वापरलंय.

स्टेशनांची नावं तपासू नका. दर्यापूरच्या स्टेशनाचं नाव बनोसा होतं, दारव्ह्याचं दारव्हा मोतीबाग, अचलपूरचं जुन्या कागदात एलिचपूर. तुम्ही आपलं सगळ्यांना 'भुताटकी स्टेशन' म्हणा, एकच थंबनेल सगळीकडे चालतं. लाखपुरी, कापूसतळणी, पथ्रोट, भडशिवणी, लाडखेड, लासिना, ही नावं रीलच्या कॅप्शनमध्ये मावतही नाहीत. कापूसतळणी तर नकोच, पुन्हा कापूस.

रील काढायला या मात्र जरूर. आमच्याकडं आलेच होते मध्ये चौघंजण, ड्रोन, गॉगल, कपाळावर पाठीमागून गुंडाळलेला रुमाल. रुळांत बाभळी वाढल्यात, फलाट कुठं संपतो ते गवतात कळत नाही, तिथं आमची आत्या शेळ्या घेऊन चालली होती. तिला थांबवलं. "आजी, ट्रेन आली असं समजून जरा हात हलवा ना, स्माईल करून." ती म्हणे कायची ट्रेन रे बावा, बंद होऊन जमाना झाला. "हो हो आजी, फक्त समजायचं." हलवला बिचारीनं हात, दोनदा रीटेक. नंतर मला विचारते, "कायले हालवाले लावला रे हात, गाडी चालू होणार हाय काय?" काय सांगणार. त्या व्हिडिओवर खाली लोकांनी लिहिलंय, साधी माणसं, प्युअर सोल्स. आत्याचं माहेर कारंज्याचं, तिला माहेरी जायला आता काय करावं लागतं ते त्या चौघांपैकी एकानंही विचारलं नाही.

बरं, गाडीच्या संथपणाचं कौतुक विसरू नका. "वेळ जिथं थांबला होता." हो, थांबलाच होता, रूळ सडले म्हणून स्पीड वीसच्या आसपास आणला होता, दोन्ही फाटे मिळून १८९ किलोमीटरला अख्खा दिवस जायचा. स्टेशनांवर माणूस ठेवला नाही म्हणून गार्डच उतरून तिकिटं फाडायचा, फाटक आलं की गाडीतलाच माणूस उतरून फाटक लावणार, गाडी पुढं जाणार, हा पुन्हा फाटक उघडून पळत येऊन चढणार. तुम्हाला हे गोड वाटतं. आम्हालाही वाटायचं, लहानपणी. मोठेपणी कळलं की पगार वाचवायचा असला की असंच दिसतं.

आणि आता हुकमी एक्का, रॉयल्टी. "आजही आपण ब्रिटनला दरवर्षी कोट्यवधी रुपये देतो." हे तर टाकाच, बोल्ड करून टाका, यावर तर रक्त उसळतं. तर ऐका. लाईन कंपनीची, गाडी रेल्वेची, असा जुना करार होता, आधी जीआयपी म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे चालवायची, नंतर मध्य रेल्वे, आणि वापराचे पैसे कंपनीला. १९५१ ला देशभरच्या रेल्वे एकत्र केल्या त्यात ही लाईन राहून गेली. ती किलिक निक्सन कंपनी स्वातंत्र्यानंतर इंग्रजांकडून भारतीय मालकांकडं गेली, म्हणजे तुमचे 'इंग्रज' मुंबईतच बसलेले. पण ते सोडा, मालक लंडनचा की फोर्टमधला यानं आमच्या दारव्ह्याच्या बाईला काय फरक पडतो? मुद्दा दुसराच आहे आणि तो या फॉरवर्डमध्ये कधीच नसतो. लाईन एकाची आणि गाडी दुसऱ्याची म्हटल्यावर रुळाखालचा स्लीपर बदलायचा कुणी? रेल्वे म्हणणार तुमची मालमत्ता तुम्ही बघा, कंपनी म्हणणार वापरता तुम्ही तर दुरुस्ती तुम्ही करा आणि आमचे पैसे थकलेत ते आधी द्या, आणि मधल्या मधे गिट्टी वाहून गेली, पूल कमजोर झाले. मग स्पीड कमी करा, मग उशीर होतो म्हणून नोकरीवाले एसटीकडं गेले, व्यापारी तर आधीच गेलेले, राहिले कोण, मजूर, भाजीच्या टोपल्यावाल्या बाया, कारंज्याला गुरुमंदिरात जाणारे, ज्यांना एसटीचं भाडं परवडत नाही ते, आणि मग फाईलवर लिहायला मोकळे की प्रवासी नाहीत, लाईन तोट्यात! अहो तोट्यात गेली की घातली? सरकारला ही लाईन विकत घ्यायची संधी करारात ठरावीक वर्षांनी येत होती, आली की कागद नूतनीकरणाला लावायचा आणि पुढचा साहेब बघेल म्हणायचं. हे कोणत्या व्हाईसरॉयनं केलं? १९४७ नंतर दिल्लीत आणि मुंबईत कोण बसलं होतं? यातले कितीतरी जण तर आपण मतं देऊन पाठवलेले, त्यात आमच्या जिल्ह्याचेही आले, आणि तुम्ही अजून राणीला शिव्या घालताय. राणीला शिव्या घालणं सोपं आहे, ती काही तुमच्या गल्लीत फ्लेक्स लावून येत नाही.

गाडी बंद कशी पडली तेही बघा, एक दिवस कुणी झेंडा दाखवून बंद केली असं नाही. आज रद्द, उद्या रद्द, पावसामुळं रद्द, ट्रॅकच्या कामामुळं रद्द. १९९४ ला वाफेचं इंजिन काढून डिझेल लावलं तेव्हा आम्हाला वाटलं आता गाडी सुधारणार. आधी यवतमाळची बाजू गेली, मग २०१६ च्या आसपास अचलपूरची. मग ब्रॉडगेजची घोषणा. अभिनंदनाचे फ्लेक्स, हात जोडलेले चेहरे, 'स्वप्नपूर्ती'. फ्लेक्स फाटून त्याचे गोठ्यावर पडदे झाले, रूळ तिथंच. वर्धा-यवतमाळ-नांदेडचं म्हणाल तर ती लाईन वेगळी, २८४ किलोमीटरची, २००८-०९ पासून चाललीय, त्यातला वर्धा ते कळंब तुकडा २०२४ ला सुरू झाला. चांगलंच आहे, होऊ दे. पण ती काही कारंज्याला जाणार नाही आणि अंजनगावला तर तिचा वाराही लागणार नाही. ज्या गावांसाठी ही छोटी लाईन होती ती गावं आहेत तिथंच आहेत.

आणि यावर ग्रुपवर चार ओळी लिहिल्या तर ॲडमिन म्हणतो, भाऊ निगेटिव्ह नका बोलू, हेरिटेज आहे, म्युझियम करायला पाहिजे. करा म्युझियम. गाडी चालवता आली नाही म्हणून इंजिनला रंग फासून चौथऱ्यावर बसवा, खाली नामफलकावर साहेबांचं नाव गाडीच्या नावापेक्षा मोठं.

टिपा संपल्या. आता सरळ बोलतो, उपरोध-बिपरोध जमत नाही मला जास्त वेळ. लाज वाटू द्या जरा. गाडी चालू होती तेव्हा तुमच्यातला एकजण तिच्यात बसला नाही, रद्द व्हायला लागली तेव्हा एकानं अर्ज केला नाही, ज्यांनी मोर्चे काढले, स्टेशनावर बसले, निवेदनं दिली त्यांचा एक फोटो तुम्ही कधी फॉरवर्ड केला नाही. आणि आता मेल्यावर देशभक्तीचा उमाळा येतोय, तोही चुकीच्या सालासकट. फॉरवर्ड करायचंच असेल तर तुमच्या खासदाराला करा, आणि खाली एवढंच विचारा की गेज बदलाचं काम कुठवर आलं, उत्तर येईपर्यंत रोज विचारा. आणि पुण्याचे साहेब, तुम्ही या, खुशाल या, पण कार घरी ठेवा, मूर्तिजापूरला उतरा आणि तिथून दारव्ह्याला बाजाराच्या दिवशी एसटीनं उभ्यानं जाऊन दाखवा, मग लिहा शकुंतलेवर काय लिहायचं ते.